उघड्या दाराचा छंद

नाशकांत गोदावरीच्या कांठीं उन्हें कलूं लागलीं म्हणजे दोन प्रकारचीं पाखरें घरीं परततांना दिसतात. देवळांच्या शिखरांवर, घाटावरील कोनाड्यांत आणि जुन्या वाड्यांच्या वळचणीला राहणारे पारवे हा एक प्रकार. त्यांचा मालक कोणी नसतो आणि त्यांची वाटहि कोणी पाहत नाहीं. दुसरा प्रकार ढाबळींतल्या कबुतरांचा. त्यांच्यासाठीं एखाद्या गच्चीवर एक माणूस तोंड वर करून उभा असतो. हातांतला दाण्यांचा डबा तो मधूनमधून वाजवितो, शीळ घालतो, आणि उतरणारें प्रत्येक पाखरूं मनांतल्या मनांत मोजतो. सकाळीं पंधरा सोडलेलीं असतात, चौदा उतरतात. खालून जेवणाची हांक येते. ‘आलों’ म्हणून तो उत्तर देतो आणि जागचा हालत नाहीं.

माणूस हौसेनें जीं जनावरें पाळतो, त्यांतील बहुतेकांना तो कांहीं ना कांहीं बंधन घालतो. कुत्र्याला साखळी, पोपटाला पिंजरा, माशांना कांचेची पेटी. दार उघडें राहिलें तर या छंदांत नुकसान होतें. कबुतरांच्या छंदाची रीत याच्या अगदीं उलट आहे. येथें सारी मौज दार उघडल्यावर सुरू होते. पाखराला वर आकाश मोकळें, दाही दिशा मोकळ्या. त्यानें परत येऊं नये असें ठरविलें तर मालकाच्या हातीं कोणताहि इलाज नाहीं. तरीहि तें येतें. दहा मैलांवरून येतें, तसेंच शंभर मैलांवरूनहि येतें. बाहेरून पाहणारे लोक याला रिकामटेकड्यांचा उद्योग म्हणतात, आणि कांहींच्या बाबतींत तें खोटेंहि नसेल. परंतु या उद्योगाच्या पोटांत एक खरा प्रश्न आहे. पाखरूं परत येतें तें कशाच्या ओढीनें? आणि त्या ओढीवर पैज लावण्याचा अधिकार माणसाला कितपत आहे?

पाळीव कबूतर हें खडकांच्या कपारींत राहणाऱ्या पारव्याचें वंशज. चार्ल्स डार्विननें १८५९ सालच्या आपल्या प्रसिद्ध ग्रंथांत पाळीव कबुतरांच्या नाना जाती एकाच रानपारव्यापासून निघाल्याचें प्रतिपादन केलें. त्यासाठीं त्यानें स्वतः कबुतरें पाळलीं आणि लंडनमधील कबुतरवाल्यांच्या दोन मंडळांत तो सामीलहि झाला. नाशिकच्या माणसाला पारव्याचें मूळ घर पाहण्यास दूर जावें लागत नाहीं. त्रिरश्मीच्या डोंगरावर पांडवलेणीं कोरलेलीं आहेत. तेथल्या कातळाच्या पट्ट्यांकडे पाहिलें म्हणजे या पाखराला काय हवें असतें तें कळतें. पाठीशीं दगड, डोक्यावर आडोसा, समोर मोकळी हवा आणि खालीं दाणे टिपण्यास शेतें. घर बदलण्याची त्याला हौस नसते. बहुधा तें एकाच जोडीदाराबरोबर राहतें. मादी दोन अंडीं घालते, नर व मादी आळीपाळीनें सुमारें अठरा दिवस तीं उबवितात, आणि पिल्लें बाहेर आल्यावर दोघांच्याहि गळ्याच्या पिशवींत तयार होणारा दुधासारखा पदार्थ त्यांना भरवितात. ढाबळ म्हणजे या कपारीचीच लांकडी नक्कल होय. उंच जागा, एकेका जोडीला एकेक खण, खालीं कोरडी फळी. कबुतराची ओढ माणसानें निर्माण केलेली नाहीं. ती कपारीबरोबरच त्यानें उसनी घेतली आहे.

गोदावरीच्या कांठानें कपोताच्या दोन कथा चालत आल्या आहेत आणि दोहोंचा बोध एकमेकांच्या विरुद्ध आहे. पहिली महाभारताच्या शांतिपर्वांतली. पावसांत भिजलेला, थंडीनें काकडलेला एक व्याध झाडाखालीं येऊन पडतो. त्याच्या पिंजऱ्यांत त्याच झाडावरच्या कपोताची मादी कोंडलेली असते, आणि दारीं आलेल्या या पाहुण्याचा सत्कार कर, असें तीच आपल्या नराला विनविते. कपोत विस्तव आणतो, आणि पाहुण्याला खावयास घालण्याजोगें दुसरें कांहीं नाहीं म्हणून स्वतः अग्नींत उडी घेतो. ब्रह्मपुराणांतील गौतमीमाहात्म्यानें ही कथा ब्रह्मगिरीच्या परिसरांत आणून बसविली आणि तेथें कपोततीर्थाचा महिमा सांगितला. दुसरी कथा भागवताच्या एकादश स्कंधांतली. अवधूताच्या चोवीस गुरूंत कपोत हा एक आहे. त्याचीं पिल्लें पारध्याच्या जाळ्यांत सांपडतात, त्यांच्यामागें मादी जाते, आणि ओस पडलेलें घर न साहून नरहि जाणूनबुजून त्याच जाळ्यांत शिरतो. पैठणच्या एकनाथांनीं १५७३ सालीं काशींत पुऱ्या केलेल्या आपल्या टीकेंतून ही कथा मराठी घरांत पोहोंचविली. पहिल्या कथेंत कपोताचें घर हें धर्माचें ठिकाण आहे. दुसऱ्या कथेंत तेंच घर गळ्याचा फांस होतें. कबुतरें उडविणाऱ्याला या दोन्ही कथा, नांवें ठाऊक असोत वा नसोत, अनुभवानें कळतात. जी ओढ पाखराला घरीं आणते, तीच त्याला कधीं कधीं प्राणासहि मुकविते.

या ओढीचा खेळ आपल्या देशांत जुना आहे. अबुल फझलच्या ‘आईन-इ-अकबरी’ ग्रंथांत अकबराच्या कबुतरांवर स्वतंत्र प्रकरण आहे. दरबारीं वीस हजारांहून अधिक कबुतरें होतीं आणि त्यांतील पांचशें खासगींतलीं होतीं, असें तो नमूद करतो. कबुतरें उडविण्याला बादशहा ‘इश्कबाजी’ म्हणत असे. अकबराचा मुलगा जहांगीर १६१७ सालीं मांडू येथें मुक्कामाला असतांना बगदादच्या खलिफांच्या काळीं कबुतरें पत्रें नेत असत, असें त्याच्या कानीं आलें. त्यानें आपल्या कबुतरबाजांना तसेंच शिक्षण देण्याचा हुकूम केला. पहाटे मांडूहून सोडलेलीं कबुतरें बऱ्हाणपुरास पोहोंचूं लागलीं. हवा स्वच्छ असली तर बहुतेक एका प्रहरांत, आणि कांहीं तर चार घटकांत, असें त्यानें आपल्या आत्मवृत्तांत लिहून ठेवलें आहे. मांडू ते बऱ्हाणपूर हें अंतर सरळ रेषेंत सुमारें एकशें चाळीस किलोमीटर भरतें, म्हणजे जवळजवळ नाशिक ते मुंबई इतकें. चार घटका म्हणजे शहाण्णव मिनिटें. ताशीं सुमारें सत्याऐंशी किलोमीटरांचा हा वेग पाठीशीं वारा असल्याखेरीज साधणारा नव्हे. पण आजचीं शर्यतीचीं पाखरें अनुकूल वाऱ्यांत हा वेग गांठतात, हें लक्षांत घेतां बादशहाची नोंद खोटी म्हणतां येत नाहीं.

आज या छंदाच्या दोन शाखा आहेत, आणि पाहणाऱ्याच्या मनांत त्यांचा नेहमीं घोटाळा होतो. पहिली शाखा उंच उडण्याची. तिला लागणारीं कबुतरें गिरेबाज जातीचीं. तीं लांब जात नाहींत. आपल्याच घरावर घिरट्या घेत वर वर चढतात, इतकीं कीं खालून पाहणाऱ्याला ठिपका दिसेनासा होतो. कोल्हापूर-सांगलीकडे आणि उत्तरेंत दिल्ली-पंजाबांत या खेळाचें वेड मोठें आहे. स्पर्धेच्या दिवशीं पंच मालकाच्या गच्चीवर येऊन बसतो. पाखरांच्या पंखांवर शिक्के मारले जातात, म्हणजे एकाच्या जागीं दुसरें खपवितां येऊं नये. सकाळीं दार उघडतें आणि घड्याळ चालूं होतें. ज्याचीं कबुतरें जास्त वेळ वर राहून स्वतःच्याच घरावर उतरतील, तो जिंकला. शेजाऱ्याच्या कौलांवर उतरलेलें पाखरूं बाद. वैशाखाच्या उन्हांत आठ-आठ, दहा-दहा तास अन्नपाण्यावांचून पंख मारीत राहिलेलें कबूतर उतरतें, तेव्हां मालक त्याला आधीं सांवलींत घेतो आणि थोडें थोडें पाणी देतो. या वेळीं घाई करणारा माणूस पाखरूं गमावतो, असें जुने जाणते सांगतात.

दुसरी शाखा अंतराच्या शर्यतीची. हा खेळ एकोणिसाव्या शतकांत बेल्जममध्यें वाढला. शर्यतीचें कबूतर पत्रवाहू जातीचें. छाती भरदार, पंख लांब, वृत्ति गंभीर. उंच उडण्याच्या खेळांत तें घरावर घिरट्या घेतें. येथें त्याला घरापासून दूर नेऊन सोडतात. भारतांत चेन्नई, बंगळूर आणि कलकत्ता हीं या शर्यतींचीं मोठीं ठाणीं. चेन्नईचीं पाखरें उत्तरेकडे रेल्वेच्या मार्गानें टप्प्याटप्प्यानें लांब लांब नेलीं जातात, आणि त्या वाटेवर आपल्या महाराष्ट्रांतील बल्लारशा व नागपूर हेहि सुटण्याचे टप्पे असतात. नागपुराहून चेन्नई पाखराच्या वाटेनें सुमारें नऊशें किलोमीटर आहे.

या शर्यतीचा निकाल कसा लावतात, हें नाशिकच्याच उदाहरणानें पाहूं. समजा, धुळ्याहून पाखरें सोडलीं. एक ढाबळ पंचवटींत आहे, दुसरी देवळाली कँपांत. पंचवटीचें अंतर १४२ किलोमीटर आणि देवळालीचें १४५ किलोमीटर धरलें. पंचवटीचें कबूतर बरोबर दोन तासांत पोहोंचलें. देवळालीचें दोन मिनिटें उशिरा आलें. जिंकलें कोण? पहिल्याचा वेग मिनिटाला ११८३ मीटर पडतो, दुसऱ्याचा ११८८. म्हणून मागाहून आलेलें देवळालीचें पाखरूं विजयी. प्रत्येकाचें घर वेगळें, तेव्हां शेवटची रेघहि प्रत्येकाची वेगळी. म्हणून या शर्यतींत वेगच मोजावा लागतो. पिल्लूं आठवड्याभराचें असतांनाच त्याच्या पायांत न उघडणारें कडें घालतात, आणि तो क्रमांक जन्मभर त्याची ओळख राहतो. पूर्वी शर्यतीच्या वेळीं पायांत एक रबरी कडें चढवीत. पाखरूं घरीं येतांच मालक तें काढून मोहोरबंद घड्याळांत टाकी आणि वेळेचा ठसा उमटे. आतां पुष्कळ ठिकाणीं पायांतल्या इलेक्ट्रॉनिक कड्यामुळें पाखराचें पाऊल फळीवर पडतांच वेळ नोंदली जाते.

शिक्षणाची रीत मात्र बदललेली नाहीं. नाशिकच्या हौशी माणसानें धुळ्याच्या बाजूनें पाखरें तयार करावयाचीं म्हटलें तर तो तीं पहिल्याच दिवशीं धुळ्याला नेणार नाहीं. आधीं आडगांव, मग ओझर, मग पिंपळगांव बसवंत, पुढें चांदवड, मालेगांव, असा आग्रा रस्त्यानें टप्प्याटप्प्यानें तो जाईल. प्रत्येक टप्प्याला एखादें पाखरूं चुकतें. सातमाळेच्या कड्यांवर बहिरी ससाणा असला तर एखादें कायमचें जातें. जीं उरतात, त्यांच्यावर मालकाचा विश्वास बसतो.

परंतु पाखराला दिशा कशी कळते? शास्त्रज्ञांना यानें शतकभर झुलविलें, आणि आजहि पुरतें उत्तर हातीं आलेलें नाहीं. सूर्याचा उपयोग तें होकायंत्रासारखें करतें, हें नक्की. कबुतराला कांहीं दिवस बंद खोलींत ठेवून दिव्यांच्या उजेडानें त्याचा दिवस सहा तासांनीं पुढें-मागें केला, तर बाहेर सोडल्यावर तें सुमारें नव्वद अंशांनीं चुकीच्या दिशेला निघतें. म्हणजे सूर्य कोठें आहे एवढेंच नव्हे, तर किती वाजले आहेत याचाहि हिशेब तें करतें. १९७१ सालीं अमेरिकेंतील विल्यम कीटन यानें कबुतरांच्या पाठीवर लोहचुंबक बांधून पाहिले. स्वच्छ उन्हांत त्यांची दिशा बिघडली नाहीं. ढगाळ दिवशीं मात्र तीं गोंधळलीं. त्यावरून पृथ्वीच्या चुंबकत्वाचाहि त्यांना आधार असावा, असें दिसलें. त्याच सुमारास इटलींत फ्लोरिआनो पापी व त्याच्या सहकाऱ्यांनीं वासाचा प्रयोग केला; घ्राणशक्ति नष्ट केलेलीं कबुतरें अनोळखी ठिकाणाहून घरीं येऊं शकलीं नाहींत. आणि ऑक्सफर्डच्या संशोधकांना असें आढळलें कीं, ओळखीच्या मुलुखांत आल्यावर कबुतरें चक्क रस्त्यांच्या आणि रेल्वेच्या रेषा धरून उडतात, चौकांत वळणहि घेतात. ऊन, चुंबकत्व, वास आणि डोळ्यांची ओळख. एक साधन चुकलें तर दुसरें, अशी त्याची सावध व्यवस्था आहे. एवढें मात्र खरें कीं, हीं सारीं साधनें वाट सांगतात. त्या वाटेनें जावेंसें वाटणें ही निराळी गोष्ट.

तें जावेंसें वाटणें माणसानें पुष्कळ वेळां आपल्या कामाला लाविलें. तारायंत्राच्या ओळींत आखेन व ब्रुसेल्स यांच्या दरम्यान खंड होता, तेव्हां १८५० सालीं ज्यूलिअस रॉयटरनें बाजारभावाच्या बातम्या कबुतरांकरवीं पोहोंचविल्या. पुढें ज्याच्या नांवाच्या वृत्तसंस्थेच्या बातम्या जगभर जाऊं लागल्या, तोच हा रॉयटर. १८७०-७१ च्या वेढ्यांत पॅरिसचे लोक विमानगोळ्यांतून कबुतरें बाहेर पाठवीत, आणि तीं फोटोनें बारीक केलेलीं हजारों पत्रें शेपटीच्या पिसाला बांधून वेढ्यावरून घरीं येत. दुसऱ्या महायुद्धांतल्या कामगिरीबद्दल इंग्लंडनें जनावरांसाठीं काढलेलें डिकिन पदक १९४३ ते १९४९ या काळांत चौपन्न जणांना मिळालें. त्यांत बत्तीस कबुतरें होतीं. आपल्याकडे ओरिसाच्या पोलिसांनीं १९४६ सालीं लष्कराकडून दोनशें कबुतरें घेऊन डोंगराळ कोरापुट जिल्ह्यांत निरोपांची सेवा सुरू केली. १३ एप्रिल १९४८ रोजीं पंडित नेहरूंनीं संबळपुराहून कटकला जो निरोप पाठविला, तो याच पाखरांच्या पायाला बांधून. सभेंत वक्ता आणि श्रोते यांच्यांत अंतर राहील अशी व्यवस्था करूं नये, एवढाच तो निरोप होता. १९८२ च्या महापुरांत आणि १९९९ च्या चक्रीवादळांत तारा-दूरध्वनि बंद पडले, तेव्हांहि हींच कबुतरें उपयोगीं आलीं. पुढें ही सेवा बंद झाली. दूरसंदेशाच्या नव्या साधनांपुढें तिची गरज उरली नाहीं. उपयोग सरला, तरी हौस मात्र उरली.

या हौशीचें खरें रूप शर्यतीच्या दिवशीं दिसत नाहीं. तें रोजच्या चाकरींत दिसतें. पहाटे ढाबळ झाडणें, पाणी बदलणें, ज्वारी, बाजरी, मका, वाटाणा, हरभरा यांचें प्रमाण ऋतूप्रमाणें बदलणें, बारीक खडे व चुना ठेवणें, आठवड्यांतून एकदोनदां आंघोळीचें घमेलें भरणें, विष्ठेचा रंग पाहून आजार ओळखणें. यांत सुटी नाहीं. लग्नकार्याला परगांवीं जावयाचें तर आधीं ढाबळीची व्यवस्था लावावी लागते, आणि ती ज्याच्यावर सोंपवावी असा माणूस बहुधा दुसरा कबुतरवालाच असतो. यांतून एक निराळीच बिरादरी तयार होते. जुन्या नाशकांत काय, मालेगांवांत काय, रिक्षावाला, सराफ, कारखान्यांतला कामगार आणि शाळेचा मास्तर एका गच्चीवर बसून एका पंखाची पिसें उलगडून पाहतात. तेथें जात-धर्म विचारला जात नाहीं, पाखराचें कूळ मात्र तीन पिढ्यांपर्यंत विचारलें जातें. गिरेबाज, लक्का, लोटण, शिराजी हे शब्द हिंदु-मुसलमानांच्या तोंडीं सारखेच रुळले आहेत. भांडणेंहि याच बिरादरींत होतात. दुसऱ्याचें चुकलेलें पाखरूं आपल्या थव्यांत ओढून घेणें हा जुन्या कबुतरबाजांचा एक डांवच होता, आणि त्यावरून वर्षानुवर्षें अबोले चालत. आतां पायांतल्या कड्यावरून मालक शोधतां येतो. थकलेलें परकें पाखरूं उतरलें तर त्याला दाणापाणी देऊन मालकाला कळविणें, हा चांगल्या माणसाचा नियम समजतात. कोण किती शर्यती जिंकला हें लोक विसरतात. कोणीं कोणाचें पाखरूं परत दिलें, हें विसरत नाहींत.

येथवर सारें ठीक. पण या छंदाची जी किंमत आहे ती सांगितल्यावांचून त्याचें वर्णन प्रामाणिक होणार नाहीं. शर्यतीच्या पाखरांना ‘विधुर’ ठेवण्याची एक रीत युरोपांत रूढ आहे. नराला मादीपासून दूर ठेवतात, निघण्यापूर्वी क्षणभर तिचें दर्शन घडवितात, आणि मग शेंकडों मैलांवर नेऊन सोडतात. तो जिवाच्या आकांतानें घरीं येतो. एकनाथांच्या टीकेंतल्या कपोताची आसक्ति येथें घड्याळाला जुंपली जाते. पैसा आला म्हणजे ही गोष्ट आणखी अवघड होते. २०२० सालीं ‘न्यू किम’ नांवाची एक बेल्जियन मादी लिलांवांत सोळा लाख युरोंना विकली गेली. कोठें सट्टा शिरतो, कोठें उन्हांत पाखरें ताणलीं जातात, कोठें वादळाचा अंदाज न घेतां टोपल्या उघडल्या जातात आणि निम्मीं पाखरें परत येत नाहींत. हरलेलें पाखरूं तक्रार करीत नाहीं, आणि हरवलेलें तर नाहींच नाहीं.

नाशिकच्या कबुतरवाल्याला यांत आणखी एक भय आहे, आणि तें माणसानेंच आकाशांत ताणलेलें आहे. संक्रांतीच्या दिवसांत नाशकांत आणि विशेषतः येवल्यास पतंगांचा मोठा उत्सव होतो. सुती दोऱ्याच्या काळांत पाखरूं अडकलें तर दोरा तुटे. नायलॉनचा मांजा तुटत नाहीं; पंख तुटतो. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणानें २०१७ सालीं त्यावर देशभर बंदी घातली, तरी चोरून विक्री होते आणि उत्सव संपल्यावरहि झाडांत, तारांत त्याचे फांस लोंबत राहतात. शहाणा कबुतरवाला त्या दिवसांत ढाबळीचें दार बंदच ठेवतो. ससाण्याविषयीं मात्र त्याला राग धरतां येत नाहीं. शिक्रा आणि बहिरी ससाणा यांना १९७२ च्या वन्यजीव कायद्याचें संरक्षण आहे, आणि त्यांनीं पोट भरणें हा कांहीं गुन्हा नव्हे. ससाण्यानें नेलेलें पाखरूं तो सोसतो. मांज्यानें कापलेलें सोसत नाहीं.

शेजाऱ्यांचीहि एक बाजू आहे. कबुतरांच्या विष्ठेची व पिसांवरची धूळ फुप्फुसांत जाऊन तेथें सूज येते, हा विकार १९६५ सालीं कबुतरें पाळणाऱ्यांतच प्रथम ओळखला गेला. मुंबईंत २०२५ सालीं कबुतरखाने बंद करण्याचा प्रश्न उच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि दया मोठी कीं आरोग्य मोठें, यावर मोठा वाद माजला. रस्त्यावर पोतेंभर दाणे उधळून हजारों बेवारशी पारवे वाढविणें आणि मोजक्या पाखरांची ढाबळ स्वच्छ ठेवणें या दोन गोष्टी एक नव्हेत. परंतु हा भेद शेजाऱ्याला वादानें पटविण्यापेक्षां झाडूनें पटविणें बरें. तोंडाला फडकें बांधून ढाबळ झाडणारा, धूळ शेजारच्या खिडकींत जाऊं न देणारा, जागेला झेपतील तितकींच पाखरें ठेवणारा, आणि घरांत कोणाला दमा असेल तर छंद आंवरता घेणारा माणूस आपली बाजू न बोलतां मांडतो.

पाखराच्या ओढीवर पैज लावण्याचा अधिकार माणसाला कितपत आहे, या प्रश्नाला कायद्याच्या पुस्तकांत पुरतें उत्तर नाहीं. तें गच्चीवरच शोधावें लागतें. जो माणूस वारा, ढग आणि पाखराची शक्ति पाहून मगच टोपली उघडतो. जो शेवटीं आलेल्या कबुतरालाहि पहिल्याइतकेंच पाणी पाजतो. ज्याला जिंकलेल्या पाखरांइतकेच न आलेल्या पाखरांचे क्रमांक पाठ असतात, त्याला तो अधिकार थोडाबहुत आहे असें म्हणतां येईल. ज्याच्या ढाबळीला पाखरूं केवळ दाण्यासाठीं येतें, त्याच्याकडून तें उद्यां दुसरीकडे जाईल. ज्याच्याकडे तें घर म्हणून येतें, त्यानें तें घर राखलें पाहिजे.

गोदेवर काळोख पडतो. पारवे केव्हांच निजलेले असतात. घाटावरचे दिवे लागतात, आणि गच्चीवरचा माणूस शेवटीं खालीं जेवायला जातो. पण जातांना ढाबळीची एक खिडकी तो उघडी टाकून जातो, आणि फळीवर वाटींत मूठभर दाणे व थोडें पाणी ठेवतो. कबूतर रात्रीं सहसा उडत नाहीं, हें त्याला पक्कें ठाऊक असतें. तरी पंधराव्या पाखरासाठीं खिडकी रात्रभर उघडी राहते.